कवितेचा दाखला : अलाओल, आराकान आणि नागरिकत्वाचा प्रश्न

१

‘दाखला’ या मराठी शब्दाचे दोन अर्थ रूढ आहेत. अभ्यासक आपल्या प्रतिपादनाच्या पुष्ट्यर्थ ग्रंथातील दाखला देतो. नागरिक आपल्या हक्काच्या पुष्ट्यर्थ कचेरीतून दाखला मिळवतो. एरवी हे दोन व्यवहार परस्परांपासून दूर असतात. आराकानच्या बौद्ध राजदरबारात सतराव्या शतकात लिहिल्या गेलेल्या बंगाली काव्याच्या बाबतीत मात्र ते एकमेकांत गुंतून गेले आहेत. दौलत काझी आणि अलाओल या दोन मुसलमान कवींच्या रचना एकीकडे बंगाली वाङ्मयेतिहासाचा विषय आहेत. दुसरीकडे, म्यानमारमधील रोहिंग्या मुसलमान त्या भूमीत किती जुने, या वादात त्या पुरावा म्हणून पुढे केल्या जातात. जे वाङ्मय समीक्षकाच्या मेजावर असायचे ते साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभे राहिले आहे.

प्रस्तुत लेखाचा प्रश्न मर्यादित आहे. कविता जेव्हा वास्तव्याचा दाखला म्हणून हजर केली जाते, तेव्हा तिचे वाचन कोणत्या रीतीने घडते आणि त्या वाचनातून तिच्यातले काय निसटते? प्रश्न वाङ्मयीन असला तरी त्याच्या उत्तरावर काही लाख माणसांचे भवितव्य अवलंबून असल्यासारखी परिस्थिती निर्माण झाली आहे, याचे भान ठेवूनच तो विचारावा लागतो.

२

प्रथम, हा दाखला मागतो कोण, ते पाहिले पाहिजे. ब्रह्मदेशाच्या १९८२ च्या नागरिकत्व कायद्याने नागरिकांचे तीन वर्ग कल्पिले : पूर्ण नागरिक, सहयोगी नागरिक आणि नागरिकत्व प्रदान केलेले. पूर्ण नागरिकत्वाचा मुख्य आधार कायद्याच्या तिसऱ्या कलमात आहे. काचिन, कया, करेन, चिन, बर्मन, मोन, रखाइन, शान यांसारखे वांशिक समूह, तसेच ब्रह्मी शके ११८५ पूर्वी, म्हणजे इ.स. १८२३ पूर्वी, राज्याच्या भूप्रदेशात स्थायिक झालेले समूह हे त्या आधाराने नागरिक ठरतात. एखादा समूह राष्ट्रीय आहे की नाही हे ठरविण्याचा अधिकार चौथ्या कलमाने राज्यमंडळाकडे ठेवला. पुढे १९९० च्या सुमारास लष्करी राजवटीने १३५ ‘राष्ट्रीय वंशां’ची यादी प्रसृत केली. तीत रोहिंग्यांचे नाव नाही.

या रचनेत दोन गोष्टी लक्षणीय आहेत. पहिली ही, की येथे व्यक्तीच्या जन्माआधी समूहाच्या उगमाचा प्रश्न येतो. माणूस कोठे जन्मला, कोठे राबला, कोठे पुरला जाणार आहे, हे सारे दुय्यम. तो ज्या नावाने ओळखला जातो ते नाव यादीत आहे की नाही, हे मुख्य. दुसरी गोष्ट १८२३ या वर्षाची. पहिले इंग्रज-ब्रह्मी युद्ध १८२४ मध्ये सुरू झाले आणि १८२६ च्या यांदाबोच्या तहाने आराकान इंग्रजांकडे गेले. वसाहतकाळात आलेले सर्व परके, असे सूत्र या सीमारेषेमागे आहे. मराठी वाचकाला रत्नागिरीच्या राजवाड्यात कैदेत राहिलेल्या थिबा राजामुळे ब्रह्मदेशाचे कोनबाँग घराणे परिचित असते. त्याच घराण्यातील बोदोपया राजाने १७८४-८५ मध्ये आराकानचे स्वतंत्र राज्य जिंकून आपल्या राज्यास जोडले होते. म्हणजे ज्या वर्षी कायद्याने अस्सलपणाची रेघ ओढली, त्या वर्षी खुद्द आराकानलाही ब्रह्मी राज्यात येऊन चाळीस वर्षे झालेली नव्हती. कायद्याला अभिप्रेत असलेले सलग, एकसंध राष्ट्र हे त्या तारखेचे कारण नसून परिणाम आहे. कोठून तरी सुरुवात ठरविल्याशिवाय उगमाची कथा सांगता येत नाही; कायद्याने ती सुरुवात ठरविली.

बेनेडिक्ट अँडरसन यांनी ‘इमॅजिन्ड कम्युनिटीज’च्या १९९१ च्या आवृत्तीत जनगणना, नकाशा आणि वस्तुसंग्रहालय या तीन वासाहतिक साधनांचे विवेचन करणारे प्रकरण जोडले. अग्नेय आशियाच्या अभ्यासातून सिद्ध झालेले ते विवेचन येथे तंतोतंत लागू पडते. वसाहतवादाचा ठसा पुसण्यासाठी केलेला हा कायदा माणसांची वर्गवारी मात्र वासाहतिक मानववंशशास्त्राने आखलेल्या चौकटींतच करतो. ‘ताइंयिंथा’, म्हणजे भूमिपुत्र वंश, ही कल्पना नागरिकत्वाच्या कल्पनेवर कशी स्वार झाली, हे निक चीझमन यांनी २०१७ च्या आपल्या निबंधात दाखविले आहे.

याचे परिणाम सर्वज्ञात आहेत. १९७८ मध्ये सुमारे दोन लाख आणि १९९१-९२ मध्ये सुमारे अडीच लाख रोहिंग्या बांगलादेशात पळून गेले. २०१४ च्या जनगणनेत ‘रोहिंग्या’ अशी नोंद करू दिली गेली नाही. त्यांच्याजवळची तात्पुरती पांढरी ओळखपत्रे २०१५ मध्ये रद्द झाली. २५ ऑगस्ट २०१७ रोजी सशस्त्र गटाने पोलीस ठाण्यांवर केलेल्या हल्ल्यांनंतर लष्कराने जी कारवाई केली, तिच्यामुळे सात लाखांहून अधिक माणसे नाफ नदी ओलांडून गेली. आणि तरीही हे सारे अपरिहार्य होते असे म्हणता येत नाही. स्वतंत्र ब्रह्मदेशाच्या शासनानेच १९६१ मध्ये आराकानच्या उत्तरेस मायू सीमाप्रदेशाची वेगळी प्रशासकीय व्यवस्था निर्माण केली होती आणि त्या काळात शासकीय नभोवाणीवरून रोहिंग्या भाषेतील कार्यक्रम होत असत. जे नाव नभोवाणीवरून उच्चारले गेले तेच पुढे अनुच्चार्य ठरले.

३

आता कवितेकडे वळू. अलाओल हा जन्माने आराकानचा नव्हे. बंगालमधील फतेहाबाद हे त्याचे मूळ. वडिलांसोबत प्रवास करीत असता पोर्तुगीज चाच्यांनी गाठले. वडील मारले गेले. अलाओल आराकानला पोहोचला आणि राजाच्या घोडदळात दाखल झाला. हा वृत्तान्त त्याने स्वतःच आपल्या काव्याच्या प्रास्ताविकांत दिला आहे. पुढे त्याच्या विद्वत्तेची कीर्ती दरबारी मंडळींपर्यंत गेली आणि मागन ठाकूर या अमात्याच्या सांगण्यावरून त्याने मलिक मुहम्मद जायसीच्या अवधी ‘पद्मावत’चे बंगाली रूपांतर सिद्ध केले. त्याचा काळ साधारणतः १६५१ मानला जातो. मागन ठाकूर हे नाव ऐकून आपण ज्या निष्कर्षावर येऊ तो चुकीचा असतो : हा अमात्य मुसलमान होता आणि ‘ठाकूर’ ही पदवी होती. खुद्द राजांचीही नावे अशीच दुहेरी होती. म्राउक-ऊचे बौद्ध राजे पाली बिरुदांबरोबर काही काळ मुसलमानी बिरुदेही धारण करीत आणि त्यांच्या काही नाण्यांवर फारसी व बंगाली अक्षरे आढळतात. चितगाव १६६६ पर्यंत त्यांच्या ताब्यात होते. बंगाल आणि आराकान यांच्यामध्ये आज जी सीमा आहे, तिच्या दोन्ही बाजू तेव्हा एकाच सत्तेच्या अंमलाखाली होत्या.

अलाओल या राज्याला ‘रोशांग’ म्हणतो. ‘रोहिंग्या’ हे नाव याच देशनामाच्या ‘रोहांग’ या रूपापासून आले, अशी व्युत्पत्ती बहुधा मान्य केली जाते. अमरपूर येथे गेलेल्या इंग्रज वकिलातीसोबतच्या फ्रान्सिस बुकानन या वैद्याने १७९९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या भाषाविषयक टिपणात आराकानमध्ये दीर्घकाळ स्थायिक झालेले मुसलमान स्वतःला ‘रूइंगा’ म्हणवितात अशी नोंद केली. काही इतिहासकारांच्या मते हे नाव वंशवाचक नसून केवळ देशवाचक आहे. असेलही. पण देशस्थ, कोकणस्थ, कऱ्हाडे ही नावे ज्या भाषेत ज्ञातिवाचक झाली, त्या भाषेच्या वाचकाला देशनामातून समूहनाम घडण्यात काही संशयास्पद वाटण्याचे कारण नाही. देशाच्या नावाने स्वतःला ओळखणे हाच जर परकेपणाचा पुरावा ठरत असेल, तर आपलेपणाचा पुरावा कसा असतो, हे सांगण्याची जबाबदारी तसे म्हणणाऱ्यावर येते.

दाखला म्हणून वाचताना ‘पद्मावती’तील एक स्थळ नेहमी पुढे येते. रोशांगच्या वैभवाचे वर्णन करताना अलाओल तेथे आलेल्या नाना देशींच्या लोकांची गणना करतो. अरब, मिसरी, तुर्क, हबशी, खुरासानी यांच्या जोडीला काश्मिरी, बंगाली आणि आपल्या परिचयाचे दख्खनीही त्या यादीत आहेत. रोहिंग्यांच्या बाजूने वाचणारा म्हणतो : पाहा, १८२३ च्या कितीतरी आधी येथे मुसलमान होते, दरबारी होते, कवी होते. विरुद्ध बाजूचा त्याच ओळींवर बोट ठेवतो : पाहा, हे सर्व बाहेरून आलेले, कवी स्वतः बंगालचा, भाषा बंगाली, मग त्यांच्या वारसांना आम्ही ‘बंगाली’ म्हणतो त्यात चूक काय?

दोन्ही वाचने संहितेला धरून आहेत आणि म्हणूनच दोन्ही अपुरी आहेत. अलाओल उगमाचा प्रश्न विचारतच नाही. त्याची गणना एका जुन्या काव्यसंकेतात बसते : राजाचा महिमा त्याच्या नगरात किती देशींचे लोक येतात यावरून मोजायचा. आधुनिक राज्याची यादी माणसे वगळण्यासाठी असते. दरबारी कवीची यादी माणसे मोजता मोजता वाढत जाते. दोन्ही याद्याच, पण त्यांचे व्याकरण निराळे. एका यादीचा दुसरीत पुरावा म्हणून वापर करणे म्हणजे स्तुतिकाव्याला खानेसुमारी समजणे होय. शिवाय जी कथा तो सांगतो, तिची नायिकाही परदेशी आहे. सिंहलद्वीपाची पद्मावती चितोडला येते आणि चितोडचे सारे भाग्य तिच्या नावाशी जोडले जाते. ती चितोडची होते ती उगमाने नव्हे, नात्याने.

हे नाते कोणते? अलाओलच्या संहितेत ते आश्रयाचे, सेवेचे आणि भाषांतराचे नाते आहे. दौलत काझीने लश्करवजीर अश्रफ खानाच्या सांगण्यावरून सुरू केलेले आणि मृत्यूमुळे अपुरे राहिलेले ‘सती मयना ओ लोर-चंद्रानी’ अलाओलने १६५९ मध्ये पुरे केले. अवधी आणि फारसी कथा बौद्ध राजाच्या नगरीत बंगालीत उतरत होत्या. या बहुभाषिक विद्वत्तेचा विचार थिबो द्युबेर यांनी २०१८ च्या आपल्या ग्रंथात सविस्तर केला आहे. याच कवीने ‘सिकंदरनामा’त एक विलक्षण प्रसंग नोंदविला आहे. राज्याभिषेकाच्या वेळी नवराज मजलिस हा मुसलमान अधिकारी राजासमोर उभा राहून त्याला राजधर्माचा उपदेश करतो. राजा बौद्ध, उपदेशक मुसलमान, आणि हे सांगणारे काव्य निझामीच्या फारसी संहितेचे बंगाली रूपांतर. या प्रसंगी कोणी कोणाला उगम विचारीत नाही. प्रजेशी कसे वागायचे, एवढेच विचारले जाते.

४

हे चित्र रम्य करून सोडणे अप्रामाणिकपणाचे होईल. आराकानच्या दरबाराची दुसरी बाजू गुलामांच्या व्यापाराची होती. पोर्तुगीज आणि आराकानी लुटारूंनी बंगालच्या किनाऱ्यावरून धरून आणलेली माणसे या राज्याच्या शेतांत राबत होती. तेथील मुसलमान वस्तीचा मोठा भाग त्या बंदिवानांचा होता. त्यांतील कोणीही काव्य लिहिले नाही, म्हणून त्यांचा दाखला नाही. जो समूह कवितेच्या आधारे आपला जुनेपणा सिद्ध करू पाहतो, त्याच्या पूर्वजांतील बहुसंख्य बहुधा त्या कवितेच्या बाहेरच राहिले असतील.

खुद्द कवीचा आश्रयही सुरक्षित नव्हता. औरंगजेबाकडून पराभूत झालेला शाहजादा शुजा १६६० मध्ये आराकानच्या आश्रयास आला. लवकरच राजाशी त्याचे बिनसले आणि त्याचा अंत झाला. या प्रकरणात सामील असल्याच्या संशयावरून अलाओलला कारावास घडला. बाहेरून आलेला एक मुसलमान राजपुत्र संशयास्पद ठरताच दरबारातील मुसलमान कवीही संशयित झाला. आधुनिक अल्पसंख्याकत्वाची एक ओळखीची खूण येथे दिसते.

शुजाची कथा येथेच संपत नाही. त्याच्या अनुयायांतील धनुर्धाऱ्यांपासून ‘कमान’ नावाचा मुसलमान समूह उत्पन्न झाला, असे परंपरा मानते. फारसीतील हा शब्द मराठीतही नांदतो, त्यामुळे त्याचा अर्थ आपल्याला सांगावा लागत नाही. १३५ मान्य वंशांच्या यादीत कमानांचा समावेश आहे. म्हणजे त्यांच्याजवळ तो दाखला आहे, जो रोहिंग्यांना नाकारला गेला. आणि तरीही २०१२ च्या ऑक्टोबरमध्ये क्याउकप्यू येथील हिंसाचारात कमानांची घरे जळाली, त्यांनाही विस्थापितांच्या छावण्यांत जावे लागले. उगम सिद्ध झाल्यावर सुरक्षितता मिळते, हे कायद्याचे अलिखित आश्वासन या एका उदाहरणाने फोल ठरते. संतप्त जमावाने यादी वाचली नव्हती. तिने धर्म वाचला.

५

येथे समीक्षेच्या दृष्टीने एक अवघड मुद्दा उपस्थित होतो. अस्मिता या निसर्गदत्त नसून इतिहासात, भाषेत आणि सत्तासंबंधांत घडविल्या जातात, हा विचार गेल्या काही दशकांत आपल्या समीक्षेने आत्मसात केला. वर्चस्ववादी समूहांच्या सनातनत्वाच्या दाव्यांना छेद देणारे शस्त्र म्हणून तो आला. रोहिंग्यांच्या बाबतीत हेच शस्त्र उलटे फिरविलेले दिसते. ‘रोहिंग्या’ हे राजकीय नाव स्वातंत्र्योत्तर काळात रूढ झाले. ती अलीकडची रचना आहे. म्हणून ती खोटी आहे, असा युक्तिवाद केला जातो. त्यातील पहिल्या विधानात तथ्य आहे. राजकीय ओळख म्हणून हे नाव प्रामुख्याने १९५० नंतर प्रचारात आले. पण ‘घडविलेले’ आणि ‘खोटे’ यांत अंतर आहे, आणि ते अंतर मिटविणारा युक्तिवाद रचनावादाचा आभास निर्माण करून प्रत्यक्षात सारतत्त्ववादच मांडत असतो. कारण तो ‘रखाइन’, ‘बर्मन’ किंवा १३५ या आकड्याला तोच प्रश्न विचारीत नाही. बहुसंख्याकांची अस्मिता इतिहास म्हणून वाचायची आणि अल्पसंख्याकांची बनाव म्हणून, ही वाचनाची विषमता आहे.

गायत्री स्पिवाक यांनी मांडलेली ‘डावपेचात्मक सारतत्त्ववादा’ची कल्पना येथे आठवते. दुर्बल समूहाने विशिष्ट राजकीय हेतूसाठी आपली ओळख स्थिर, एकसंध असल्याचे मांडणे समजण्यासारखे आहे. ज्याच्या दारात अधिकारी कागद मागत उभा आहे, त्याने अलाओलचे नाव घेऊ नये, असे सांगण्याचा अधिकार आपल्याला नाही. समीक्षकाचे काम त्याहून निराळे आहे. डावपेच म्हणून दिलेला दाखला हाच संहितेचा संपूर्ण अर्थ होऊन बसू नये, आणि मुख्य म्हणजे दाखला मागणाऱ्याचा प्रश्न निरागस समजला जाऊ नये, हे पाहणे त्याचे काम आहे.

वाङ्मयेतिहासही या प्रश्नापासून अलिप्त नाही. अलाओलची हस्तलिखिते मुख्यतः चितगाव परिसरात जपली गेली. ती धुंडाळणाऱ्या अब्दुल करीम साहित्यविशारद यांनी मुहम्मद एनामुल हक यांच्यासह १९३५ मध्ये ‘आराकान राजसभाय बांगला साहित्य’ हा ग्रंथ सिद्ध केला. तेव्हापासून अलाओल बंगाली परंपरेचा कवी म्हणून प्रस्थापित आहे, आणि ते योग्यच आहे. परंतु ज्या नगरीत तो लिहीत होता, तिच्या राष्ट्राच्या साहित्यविचारात त्याला तशी जागा नाही. साहित्याचे इतिहास भाषेनुसार लिहिले जातात आणि राष्ट्रे भाषेची मालकी सांगतात; या दोहोंच्या सांध्यात अलाओलसारखा कवी एका बाजूला आपला आणि दुसऱ्या बाजूला परका होतो.

६

मराठी वाचकापुढे या विषयात आणखी एक पेच आहे. १९५६ च्या धर्मांतरानंतर महाराष्ट्रात ‘बौद्ध’ हा शब्द समतेच्या आणि नागरिकत्वाच्या मागणीशी जोडला गेला. त्या धर्मांतरापूर्वी दोन वर्षे, डिसेंबर १९५४ मध्ये, डॉ. आंबेडकर रंगूनच्या जागतिक बौद्ध परिषदेस उपस्थित होते. त्याच देशात २०१३ मध्ये ‘मा बा था’ ही भिक्षूंच्या नेतृत्वाखालील संघटना उभी राहिली आणि २०१५ मध्ये ‘वंश व धर्म संरक्षणा’चे चार कायदे संमत झाले. एकाच धर्मनामाच्या या दोन अर्थांपैकी एक खरा आणि दुसरा विपर्यस्त, असे म्हणून मोकळे होता येत नाही. महाराष्ट्रात हे नाव बहिष्कृतांनी घेतले. म्यानमारमध्ये ते बहुसंख्याकांच्या राष्ट्राशी एकरूप झाले. तेथील भयाला इतिहास आहे. वसाहतकाळातील भारतीय सावकारी, रंगूनमधील भारतीयांची बहुसंख्या, १९३० व १९३८ च्या दंगली, १९४२ मध्ये आराकानात दोन्ही बाजूंनी झालेल्या कत्तली यांची स्मृती त्यात आहे. मात्र भयाला इतिहास असला म्हणजे त्याला न्याय लाभतो असे नव्हे. धर्माचा अर्थ त्याच्या ग्रंथांइतकाच तो कोणत्या सत्तास्थानावरून उच्चारला जातो यावर ठरतो, एवढे या तुलनेतून निष्पन्न होते.

७

हॅना आरेन्ट यांनी १९५१ मध्ये ‘हक्क असण्याचा हक्क’ ही कल्पना मांडली. राज्यविहीन माणूस मुख्यतः गमावतो ती जगातील अशी जागा, जिच्यामुळे त्याच्या बोलण्याला अर्थ प्राप्त होतो. या कसोटीवर सतरावे आणि एकविसावे शतक शेजारी ठेवून पाहावे. अलाओल निर्वासित होता, संशयित होता, बंदिवान झाला. पण त्याच्या शब्दाला श्रोता होता. सुटल्यावर आपल्या कैदेची हकीकतही तो त्याच दरबारातील आश्रयदात्यासाठी लिहिलेल्या काव्यात सांगू शकला. आजच्या रोहिंग्या कवीला हा श्रोता त्याच्या देशात नाही. छावण्यांतील आणि छावण्यांबाहेरील रोहिंग्यांच्या कवितांचा इंग्रजी संग्रह २०१९ मध्ये निघाला, त्याचे शीर्षक ‘आय ॲम अ रोहिंग्या’ असे आहे. त्याच वर्षी इंग्रजीत आलेल्या हबीबुरहमान यांच्या आत्मकथनाचे शीर्षक ‘फर्स्ट दे इरेज्ड अवर नेम’ असे आहे. रोहिंग्या भाषेसाठी १९८० च्या दशकात सिद्ध झालेली हनीफी लिपी २०१८ मध्ये, म्हणजे महानिष्कासनाच्या पुढच्या वर्षी, युनिकोड या जागतिक संगणकीय प्रमाणकात समाविष्ट झाली. अक्षरांना जगाच्या यादीत जागा मिळाली; ती लिहिणाऱ्यांना देशाच्या यादीत मिळाली नाही.

‘मी रोहिंग्या आहे’ या वाक्याचे रूप दाखल्याचे आहे. कोणत्याही कचेरीने जो दिला नाही, तो येथे कवी स्वतःच स्वतःला देतो. हे वाचताना दोन मोह टाळावे लागतील. या कवितेला केवळ अत्याचाराचा पुरावा समजणे हा एक. तिच्यावर अलाओलच्या वारशाचे ओझे टाकून तिला प्राचीनतेचा पुरावा बनविणे हा दुसरा. अलाओलकडून या कवींना काही मिळायचेच असेल, तर ते जुनेपणाचे प्रमाणपत्र नव्हे. बाहेरून आलेला, दुसऱ्याची कथा तिसऱ्या भाषेत सांगणारा माणूस एखाद्या नगरीचा कवी होऊ शकतो आणि त्या नगरीला आपले वर्णन त्याच्या तोंडून ऐकण्यात कमीपणा वाटत नाही, ही शक्यता त्याच्या काव्याने नोंदवून ठेवली आहे. १८२३ पूर्वी कोण होते, या प्रश्नाला ‘पद्मावती’ उत्तर देत नाही. राजाने प्रजेशी कसे वागावे, हे नवराज मजलिसने अभिषेकाच्या वेळी सांगितले होते. म्यानमारमध्ये आज अनुत्तरित आहे तो हाच प्रश्न.